चमचाभर औषध आणि त्रैराशिक



ह्या व्याख्यानमालेच्या चिटणीसांनी विषय विचारण्यासाठी फोन केला तेव्हा आम्ही 'चमचा' असे सांगितले. ते क्षणभर गप्प झाले आणि मग हळूच म्हणाले, "सर, राजकारणावरची दोन व्याख्याने आधीच ठरली आहेत." आमचा चमचा तो नव्हे, हे त्यांना समजावून सांगावे लागले. आम्हांस बोलायचे आहे ते औषधाच्या चमच्याविषयी. ज्या व्यासपीठावरून ज्ञानेश्वरीपासून अणुशक्तीपर्यंत विषय होऊन गेले, तेथे तापाच्या औषधाची बाटली घेऊन उभे राहण्यात आम्हांस थोडा संकोच वाटतो. परंतु समोर बसलेल्यांपैकी बहुतेकांच्या घरी ती बाटली आहे आणि रात्री दोन वाजता ती हातात घेण्याचा प्रसंग बहुतेकांवर आलेला आहे, एवढाच आमचा आधार.

आम्ही डॉक्टर नव्हे. १९७२ पासून २००६ पर्यंत, चौतीस वर्षे, आम्ही शाळेत गणित शिकवले. आज ह्या सभेत आमचे काही विद्यार्थी दिसतात. त्यांपैकी दोघे-तिघे आजोबा झालेले आहेत. त्यांच्यासमोर एक कबुली देणे आम्हांस भाग आहे, कारण तिच्यावाचून हे व्याख्यान सुरूच होत नाही.

२०१९ सालच्या पावसाळ्यातली गोष्ट. मुलगा आणि सूनबाई परगावी लग्नास गेलेले, दीड वर्षांचा नातू आम्हां दोघांच्या हवाली. रात्री पोराला ताप भरला. त्याचे वजन त्या वेळी बरोबर दहा किलो होते. आदल्याच महिन्यात त्याला असाच ताप आला होता आणि डॉक्टरांनी पॅरासिटामॉलचे पातळ औषध 'एक चमचा' द्यायला सांगितले होते, ते आमच्या पक्के ध्यानात होते. कपाट उघडले, तर ती बाटली संपलेली. तिच्या शेजारी त्याच औषधाची दुसरी, लहानशी बाटली होती. आम्ही चष्मा लावून दोन्ही लेबले वाचली. आळस केला नाही, हे आमच्या बाजूने सांगतो. जुन्या बाटलीवर १२० हा आकडा होता, नव्या बाटलीवर १००. आमच्या मनाने ताबडतोब हिशेब केला: शंभर हे एकशेवीसपेक्षा कमी, तेव्हा हे औषध थोडे सौम्यच आहे, एक चमचा द्यायला हरकत नाही.

आम्ही चमचा भरला. आमच्या सौ. नातवाला मांडीवर घेऊन बसल्या होत्या. त्यांनी चमच्याकडे पाहिले, मग बाटलीकडे पाहिले आणि म्हणाल्या, "अहो, थांबा. एवढीशी बाटली. एका चमच्यात तिसरा हिस्सा संपला. तीन चमच्यांत बाटली रिकामी होईल असं औषध कोणी विकेल का? ह्याला काही तरी वेगळं माप असणार." त्यांचे शिक्षण जुन्या सातवीपर्यंतचे. आम्ही पुन्हा लेबल वाचले. जुन्या बाटलीवर लिहिले होते: प्रत्येक ५ मिलिलिटरमध्ये १२० मिलिग्रॅम. नव्या बाटलीवर लिहिले होते: प्रत्येक १ मिलिलिटरमध्ये १०० मिलिग्रॅम. ती थेंबांनी द्यायच्या औषधाची बाटली होती. तिच्यातली काचेची नळी आम्हीच बाजूला काढून ठेवली होती.

आता हिशेब पाहा. जुन्या बाटलीत एका मिलिलिटरला १२० भागिले ५, म्हणजे २४ मिलिग्रॅम औषध. नव्या बाटलीत एका मिलिलिटरला १००. जे औषध आम्ही सौम्य समजलो ते चौपटीहून अधिक कडक होते. आमच्या हातातल्या पाच मिलिलिटरच्या चमच्यात ५०० मिलिग्रॅम पॅरासिटामॉल होते. ह्या औषधाची लहान मुलांची नेहमीची मात्रा दर किलो वजनास एका वेळी १० ते १५ मिलिग्रॅम अशी असते. म्हणजे दहा किलोच्या पोराला १०० ते १५० मिलिग्रॅम. आम्ही त्याच्या वरच्या मर्यादेच्या तिपटीहून जास्त औषध ओठांपर्यंत नेले होते. आणि चूक करणारा कोण, तर चौतीस वर्षे त्रैराशिक शिकवलेला मास्तर!

त्या रात्रीपासून हा विषय आमच्या डोक्यात घर करून बसला. पुढे विचार करता आमच्या लक्षात आले की आमची चूक गुणाकार-भागाकाराची नव्हतीच. आकडे वाचले, पण ते कशाच्या मानाने आहेत ते वाचले नाही. बाजारात आपण असे कधी करत नाही. भाजीवाली म्हणाली, "गवार तीस रुपये," तर आपल्या तोंडून आपोआप प्रश्न निघतो, "पाव की अर्धा?" एक म्हणते तीस पाव, दुसरी म्हणते शंभर किलो, तर तीस हा आकडा शंभरापेक्षा लहान म्हणून पहिली स्वस्त असे कोणीही शहाणा माणूस म्हणत नाही. तीस पाव म्हणजे एकशेवीस किलो, हे मनातल्या मनात होऊन जाते आणि पाय दुसरीकडे वळतात. औषधाच्या बाटलीपुढे मात्र हीच आपली बुद्धी कोठे जाते, कळत नाही. छापील लेबल, इंग्रजी नाव आणि आजारी मूल ही तिन्ही एकत्र आली की माणूस बाजारातले शहाणपण घरी आणायचे विसरतो.

ह्या शहाणपणाला आपल्याकडे फार जुने नाव आहे. पाचव्या शतकाच्या अखेरीस, इ. स. ४९९ मध्ये, आर्यभटाने त्रैराशिकाचा नियम सांगितला आहे. ११५० साली लिहिलेल्या 'लीलावती'त भास्कराचार्यांनी तो सविस्तर मांडला. त्यांनी तीन राशींना दिलेली नावे आम्हांस आजच्या पाठ्यपुस्तकांतल्या शब्दांपेक्षा जास्त बोलकी वाटतात: प्रमाण, फल आणि इच्छा. जे माहीत आहे ते प्रमाण. त्या प्रमाणापासून जे मिळते ते फल. आणि आपल्याला जेवढे हवे ती इच्छा. इच्छेने फलाला गुणावे, प्रमाणाने भागावे. त्यांत एक अट आहे, ती अशी की प्रमाण आणि इच्छा एकाच जातीची पाहिजेत. आम्ही त्या रात्री नेमकी ती अट मोडली: पाच मिलिलिटरमधले औषध आणि एका मिलिलिटरमधले औषध एका जातीचे समजून तुलना केली.

येथे थोडे विषयांतर करतो. चाळीसगावाजवळ पाटण म्हणून गाव आहे. तेथे तेराव्या शतकाच्या आरंभीचा एक शिलालेख आहे. भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्यांचा नातू चांगदेव याने तेथे मठ स्थापिला, असे त्यात कोरलेले आहे. गेल्या शतकाच्या मागच्या शतकात हा लेख विद्वानांच्या नजरेस आणला तो मुंबईच्या डॉ. भाऊ दाजी लाड यांनी. ग्रँट मेडिकल कॉलेजातून बाहेर पडलेल्या पहिल्या डॉक्टरांपैकी ते एक. त्रैराशिकाच्या आचार्यांचा मठ एका औषध देणाऱ्या माणसाने उजेडात आणावा, हा योगायोग आम्हांस आज फार आवडतो. असो.

आता रीत सांगतो. तिच्यात दोन दर आहेत आणि ते दोन निरनिराळ्या ठिकाणांहून येतात. पहिला दर शरीराचा: दर किलो वजनास किती मिलिग्रॅम. हा डॉक्टरांनी सांगायचा; त्यात आपण ढवळाढवळ करायची नाही. दुसरा दर बाटलीचा: दर मिलिलिटरला किती मिलिग्रॅम. हा लेबलावर छापलेला असतो आणि तो वाचणे हे आपले काम. पहिल्या दरावरून पोराला किती मिलिग्रॅम हवे ते निघते. दुसऱ्या दरावरून तेवढे मिलिग्रॅम किती मिलिलिटरमध्ये आहेत ते निघते. औषध म्हणजे मिलिग्रॅम. मिलिलिटर म्हणजे साखर, पाणी, रंग आणि वास ह्यांच्यासह ते औषध वाहून नेणारे वाहन. कोणी विचारले, "तुम्ही किती धान्य आणले?" आणि आपण उत्तर दिले, "दोन गाड्या," तर गाडी बैलगाडी की मालगाडी हे कळल्याशिवाय त्या उत्तराला अर्थ नाही.

एक उदाहरण पुरते करू. मूल बारा किलोचे. डॉक्टर म्हणाले, दर किलोस पंधरा मिलिग्रॅम द्या. बारा पंधरे एकशेऐंशी. मुलाला १८० मिलिग्रॅम हवेत. आता टेबलावर ह्या तीन बाटल्या आम्ही ठेवल्या आहेत. पहिलीवर लिहिले आहे ५ मिलिलिटरमध्ये १२०. एका मिलिलिटरला २४. एकशेऐंशीला चोविसाने भागा, साडेसात मिलिलिटर. दुसरीवर ५ मिलिलिटरमध्ये २५०. एका मिलिलिटरला ५०, उत्तर ३.६ मिलिलिटर. तिसरी थेंबांची, एका मिलिलिटरमध्ये १००, उत्तर १.८ मिलिलिटर. मूल तेच, ताप तोच, औषधाचे नाव तेच आणि उत्तरे साडेसात, तीन पूर्णांक सहा दशांश आणि एक पूर्णांक आठ दशांश. ह्यातले कोणते उत्तर 'एक चमचा' आहे? एकही नाही.

आमच्यातले जुने शिक्षक येथे म्हणतील की एवढे कशाला, १८० गुणिले ५ भागिले २५०, झाले! खरे आहे, आणि उत्तर तेच येते. तरी आम्ही औषधाच्या बाबतीत एकमान पद्धतीचा, म्हणजे आधी एकाचे मान काढण्याचा, आग्रह धरतो. कारण सांगतो. १८० ला ५ ने गुणले की ९०० येतात. हे नऊशे काय आहेत? मिलिग्रॅम नव्हेत, मिलिलिटर नव्हेत, रुपये तर नव्हेतच. जो आकडा काय आहे हे सांगता येत नाही, तो चुकला तर चुकल्याचे कळत नाही. उलट 'एका मिलिलिटरमध्ये ५० मिलिग्रॅम' हे वाक्य पूर्ण आहे. ते मोठ्याने म्हणता येते, शेजारच्या माणसाला पटवून घेता येते, कागदावर लिहून बाटलीला चिकटवता येते. चौतीस वर्षे आम्ही मुलांना झटपट रीत शिकवली व तिचे गुण दिले. घाईच्या रात्री ती रीत माणसाला सोडून जाते, हे आम्हांस नातवाने शिकवले.

आणखी एक सवय. हिशेब करण्यापूर्वी स्वतःला विचारावे: उत्तर वाढेल की घटेल? बाटलीतले औषध कडक असेल तर मिलिलिटर कमी लागणार. हे भास्कराचार्यांचे व्यस्त त्रैराशिक. एक वाढले की दुसरे घटते. पहिल्या बाटलीचे साडेसात मिलिलिटर माहीत आहेत आणि दुसरी बाटली तिच्या दुपटीहून थोडी कडक आहे, तेव्हा उत्तर साडेसाताच्या निम्म्याहून थोडे कमी येणार. तीन पूर्णांक सहा दशांश आले, ठीक. पंधरा आले असते तर भागाकाराच्या जागी गुणाकार झाला. ज्यांनी लहानपणी पावकी, निमकी, दिडकी, अडीचकी, औटकी पाठ केली आहे, त्यांना हा अंदाज कागदाशिवाय येतो. आमच्या सौ.ना आला तो असाच. त्यांनी बाटलीला चमच्याने भागले.

आता चमच्याकडे वळू. ही वस्तू आमच्या मते घरातल्या सर्व मापांमध्ये सर्वांत बेभरवशाची आहे. ग्रीसमध्ये अ‍ॅटिका भागातल्या घरांमधले चहाचे चमचे गोळा करून मोजले, ती पाहणी २०१० साली प्रसिद्ध झाली. सर्वांत लहान चमच्यात अडीच मिलिलिटर मावले आणि सर्वांत मोठ्यात सात पूर्णांक तीन दशांश. म्हणजे एका घरचा चमचा दुसऱ्या घरच्या जवळजवळ तिप्पट. आपल्या घरातले चमचे काही वेगळे असतील असे मानायला कारण नाही. आम्ही घरातले पाच चमचे पाण्याने मोजून पाहिले. पाचही निरनिराळे निघाले, आणि त्यांतला एक तर लग्नात आहेर म्हणून आलेल्या संचातलाच होता.

'चमचा' हे मापच मुळी स्थिर राहिलेले नाही. जुन्या इंग्रजी वैद्यकात चहाचा चमचा म्हणजे एक ड्राम, औंसाचा आठवा हिस्सा, आजच्या मापाने सुमारे साडेतीन मिलिलिटर. आज औषधाचा चमचा म्हणजे पाच. आमच्या लहानपणी दवाखान्यात कंपाउंडर मिक्श्चर बनवून देई. घरून रिकामी बाटली धुऊन न्यायची. कंपाउंडर तिच्यावर कागदाची एक पट्टी डकवी, आणि त्या पट्टीला कात्रीने खाचा पाडलेल्या असत. एक खाच म्हणजे एक डोस. त्या वेळी आम्हांस ती पट्टी म्हणजे गंमत वाटे. आता वाटते की त्या माणसाने सगळे त्रैराशिक स्वतः करून, उत्तर तेवढे कात्रीने आपल्या हाती दिले होते. घरी कोणाला मिलिग्रॅम माहीत असण्याची गरज नव्हती. आपल्या देशात दशमान वजने-मापे १९५८ सालच्या ऑक्टोबरपासून येऊ लागली, औंस-ड्राम गेले, पुढे तयार बाटल्या आल्या आणि कंपाउंडरची कात्री हळूहळू नाहीशी झाली. त्याचे काम आता आपल्यावर आले आहे, पण ते आपल्यावर आले आहे हे आपल्याला कोणी सांगितले नाही.

त्याहीपूर्वीची आठवण काढायची तर आजीच्या बाळगुटीची काढावी लागेल. सहाणेवर मायफळाचे दोन वळसे, वेखंडाचा एक वळसा. वळसा हे एकमानच झाले. पण आजीचा हात जड की हलका, सहाण खडबडीत की गुळगुळीत, ह्यावर एका वळशात किती मायफळ उतरते ते ठरे. आजीच्या हातचे मोजमाप आजीपुरते ठीक होते. तेच 'दोन वळसे' शेजारणीला सांगितले की माप बदलले. 'एक चमचा' ह्या शब्दांची गत हीच आहे.

परदेशांत सुद्धा ह्या बाबतीत फार शहाणपण होते असे नाही. अमेरिकेत तान्ह्या मुलांचे पॅरासिटामॉलचे थेंब आणि मोठ्या मुलांचे सिरप ह्यांची तीव्रता वर्षानुवर्षे निरनिराळी होती, थेंब सुमारे तिपटीने कडक. आई थेंब द्यायची ते सिरपच्या मापाने. आम्ही करू गेलो तेच. शेवटी २०११ साली तेथील उत्पादकांनी दोन्हींची तीव्रता एकच, ५ मिलिलिटरमध्ये १६० मिलिग्रॅम, करायचे ठरवले. २०१४ सालच्या तेथील एका पाहणीत असे दिसले की जे पालक मात्रा चमच्यांच्या भाषेत सांगत, त्यांच्या हातून चूक होण्याचा संभव मिलिलिटरमध्ये बोलणाऱ्यांच्या सुमारे दुप्पट होता. पुढच्याच वर्षी तेथील बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने चमचा हा शब्द सोडून केवळ मिलिलिटर वापरावे असे सांगितले. आपल्याकडे १२०, २५० आणि थेंबांचे १०० अशा बाटल्या एकाच फळीवर शेजारी शेजारी उभ्या असतात. दुकानदार म्हणतो, "ती कंपनी नाही, पण औषध तेच आहे, घ्या." औषध तेच असते; ५ मिलिलिटरमध्ये किती, हे तेच असेल असे नाही. डॉक्टरांनी चिठ्ठीवर नुसते '५ मिलिलिटर' लिहिले असेल तर आपल्याला ताळा पाहायला काही उरत नाही. म्हणून डॉक्टरांना एवढेच विचारावे, "किती मिलिग्रॅम, तेही लिहून द्याल का?" आम्ही हा प्रश्न आतापर्यंत तीन डॉक्टरांना विचारला, एकानेही राग मानला नाही, एकाने तर नातवाचे वजन पुन्हा करून घेतले.

मापासाठी बाटलीबरोबर येणारे खुणांचे टोपण चालते. ते सपाट जागी ठेवून, डोळे खुणेच्या पातळीवर आणून वाचावे, वरून वाकून नव्हे. तीन-साडेतीन मिलिलिटरसारखी अडनिडी मात्रा असेल तर सुई नसलेली सिरिंज उत्तम. ती केमिस्टकडे थोड्या पैशांत मिळते, आणि गालाच्या आतल्या बाजूस हळूहळू औषध सोडले तर मूल ठसकत नाही.

त्रैराशिक लागू पडण्यासाठी एक गोष्ट गृहीत धरावी लागते, ती अशी की माल सर्वत्र एकसारखा आहे. गव्हाच्या पोत्यात वर चांगला आणि खाली किडका असेल तर मूठभर पाहून सौदा करता येत नाही. पुष्कळशी पातळ औषधे विरघळलेली नसतात. औषधाचे बारीक कण नुसते तरंगत असतात आणि बाटली उभी राहिली की तळाशी बसतात. न हलवता दिलेले पहिले डोस पाणचट, शेवटचे कडक. 'वापरण्यापूर्वी बाटली हलवा' ही ओळ म्हणजे लेबलावरचा दर खरा करण्याची अट आहे. अँटिबायोटिकची कोरडी भुकटी असलेली बाटली तर आपणच औषधालय होऊन तयार करायची असते. समजा, तिच्यावर तयार झाल्यावर ३० मिलिलिटर आणि दर ५ मिलिलिटरमध्ये १२५ मिलिग्रॅम असे लिहिले आहे. आत एकूण सातशेपन्नास मिलिग्रॅम आहेत. ते कायमचे ठरलेले. उकळून गार केलेले पाणी खुणेपर्यंत घातले तरच एका मिलिलिटरला २५ येतात. भुकटी फेसाळते, फेस खुणेवर दिसतो, आपण थांबतो, आणि फेस बसल्यावर पाणी खुणेच्या खाली राहते. औषध कडक झाले. म्हणून फेस बसू द्यावा आणि पुन्हा खुणेपर्यंत भरावे. जलसंजीवनीच्या पुडीचेही असेच. एक लिटरची पुडी एका पेल्यात, दोनशे मिलिलिटर पाण्यात, विरघळवली तर क्षाराचे प्रमाण पाचपट होते, आणि जुलाबाने आधीच सुकलेल्या मुलाला ते अपायकारक ठरते. लहान पुड्याही मिळतात, त्या पेल्यासाठीच असतात. तेव्हा पुडीवर किती पाणी लिहिले आहे ते वाचावे.

आता आकड्यांविषयी एक गोष्ट, जी फक्त आपल्यालाच समजेल. इंग्रजी नऊचा आकडा आपल्या मराठी एकासारखा दिसतो, आणि इंग्रजी आठचा आकडा आपल्या चारासारखा. ज्या आजी-आजोबांचे शिक्षण सगळे मराठीत झाले, त्यांना घाईत, मंद दिव्यात, 'आठ तासांनी' हे 'चार तासांनी' असे वाचायला वेळ लागत नाही. दशांशचिन्हाचे तर विचारूच नका. ०.५ लिहिताना आधीचे शून्य गाळले आणि टिंब पुसट पडले की अर्ध्याचे पाच होतात, दसपट. घरी लिहून ठेवताना आम्ही 'अर्धा मिलिलिटर' असे अक्षरी लिहितो. चेकवर रक्कम अक्षरी लिहितो ती उगीच नव्हे.

आणखी दोन सूचना डॉक्टरांकडून पक्क्या करून घेऊन आम्ही येथे आणल्या आहेत. सर्दीच्या पुष्कळ मिश्र औषधांमध्येही पॅरासिटामॉल असते; तापाचे एक आणि सर्दीचे दुसरे अशी दोन औषधे दिली तर दोन्हींमधले मिलिग्रॅम एकत्र मोजावे लागतात. दोन मात्रांमध्ये निदान चार ते सहा तासांचे अंतर हवे, आणि डॉक्टरांना विचारल्याशिवाय दिवसात चारपेक्षा अधिक वेळा देऊ नये. तीन महिन्यांच्या आतल्या बाळाला ताप आला तर बाटलीला हातच लावू नये, दवाखाना गाठावा. आणि समजा, चूक झालीच, जास्त औषध पोटात गेले, तर मूल खेळते आहे म्हणून स्वस्थ बसू नये. हे औषध अधिक झाले तर यकृताला इजा करते आणि तिची लक्षणे पहिल्या दिवशी दिसतीलच असे नाही. त्यावर उतारा आहे, पण तो पहिल्या आठ तासांत दिला तर सर्वांत चांगला लागू पडतो. बाटली हातात घेऊनच रुग्णालयात जावे; 'गुलाबी रंगाचे औषध होते' एवढ्या माहितीवर तेथील डॉक्टरांना भागाकार करता येत नाही.

आमच्या औषधाच्या कपाटाला आतल्या बाजूने एक कागद चिकटवलेला आहे. अक्षर सौ.चे. वरच्या ओळीत नातवाचे वजन, त्याच्यापुढे तारीख. दर तीन महिन्यांनी जुने वजन खोडून नवे लिहिले जाते, कारण पोर वाढते आणि उत्तर बदलते. त्याखाली घरात असलेल्या प्रत्येक बाटलीचे नाव आणि 'एका मिलिलिटरमध्ये इतके'. नातू आता शाळेत जातो. मागच्या वेळचे वजन त्याने स्वतः लिहिले आणि शेजारी स्वतःची उंचीही लिहून ठेवली, जिचा औषधाशी काही संबंध नाही. पण आम्ही ती खोडली नाही.

टेबलावरच्या तिन्ही बाटल्या येथेच राहतील. भिंग आणि साधा कागद-पेन्सिल शेजारी ठेवली आहे. व्याख्यानानंतर ज्यांना यायचे असेल त्यांनी यावे, आपल्या घरच्या लहान मुलाचे वजन सांगावे आणि प्रत्येक बाटलीचे एकाचे मान आपल्या हाताने काढून पाहावे. चुकले तर आम्ही हसणार नाही. आम्हांस तो अधिकार उरलेला नाही.